पाटणचा पाला

शनिवारी सकाळी चहा गाळता गाळता माझं लक्ष खिडकीतल्या डब्याकडं गेलं आणि मी गाळणी हातात धरूनच ओरडले, "आई! अहो आई! आलं!"

सासूबाई देवापुढं बसल्या होत्या. "कोन आलं गं एवढ्या सकाळचं?" म्हणत, पदर सावरत त्या थेट दाराकडं गेल्या. कडी काढली, बाहेर वाकून बघितलं.

"दारात नाही, इकडं! श्रीखंडाच्या डब्यात!"

श्रीखंडाच्या रिकाम्या डब्यात ओलसर वाळू होती. वाळूवर मोहरीहून जरा मोठी, तपकिरी अंडी पसरलेली होती. त्यातल्या एका अंड्याचं टोपण उघडलं होतं आणि आतून एक हिरवट दोरा बाहेर आला होता. दोऱ्याला पाय होते, केसासारखे, लांबच लांब. त्यानं एक पाय उचलला, हवेत चाचपडला, वाळूवर टेकवला. मग दुसरा. मागच्या पायात टरफल अडकलं होतं, ते तुटक्या चपलेसारखं ओढत तो निघाला.

"आगं बया," सासूबाई म्हणाल्या. "मुंगीच्या पोटात मावंल एवढं हाय आन् चाल बघ कशी, पाटलासारखी."

मी हसले आणि दुसऱ्याच क्षणी आठवलं. ज्या मुलीनं दिवाळीच्या आधीपासून रोज सकाळी दात घासायच्या आधी त्या वाळूवर पाणी फवारलं होतं, ती घरात नव्हती. शिवांजली, आमची चौथीतली शिवू, आदल्याच दिवशी शाळेच्या सहलीबरोबर पाचगणीला गेली होती. रविवारी संध्याकाळी येणार होती. फोन न्यायला बंदी.

बसमध्ये चढता चढता तिनं मला बाजूला ओढून सांगितलं होतं, "मम्मी, मी नसताना पिल्लं आली तर कोवळा पाला द्यायचा. जाड पान त्यांना चाववत नाही. आणि एकाला पण मरू द्यायचं नाही. शपथ घे."

मागं बसचा हॉर्न वाजत होता, मॅडम हाका मारत होत्या. मी घेतली शपथ. गळ्याला हात लावून.

आता हे काडीकिडे आमच्या घरात आले कसे, ते सांगते. मे महिन्यात आम्ही माझ्या माहेरी पाटणला गेलो होतो. आबांच्या, म्हणजे माझ्या वडिलांच्या, परसात पेरूचं जुनं झाड आहे. शिवू खाली भातुकली मांडून बसली होती, ती एकदम किंचाळली, "आबा, काडी चालली!" सगळे धावलो. खरंच काडी चालली होती. वाळल्या काटकीसारखा किडा, थांबला की काटकी, हलला की किडा. आबांचं अर्धं आयुष्य त्या झाडाखाली गेलं, पण असा कधी निरखून बघितला नव्हता. शिवूनं दोन बरणीत घातले, झाकणाला भोकं पाडली आणि सांगलीला आणले. एकीचं नाव काडूबाई ठेवलं, दुसरीचं लांबाक्का.

मी आधी विरोधातच होते. चावतात का, अंगावर पुरळ उठतं का, दम्याच्या पेशंटच्या घरात चालतात का, सगळं मोबाईलवर वाचून काढलं. आमच्या घरात दम्याचं कोणीही नाही, तरी वाचलं. माझा स्वभावच तसा. शिवू शिंकली तरी मी थर्मामीटर काढते. पण वाचता वाचता मीच त्यांची जाणकार झाले. पेरू, गुलाब असला पाला खातात. पाला ताजा लागतो. आणि सगळ्यात मोठी गोष्ट, पाल्यावर औषधाचा थेंबसुद्धा चालत नाही.

ही शेवटची गोष्ट आम्ही वाचून नाही, भोगून शिकलो. पावसाळ्यात एकदा नर्सरीतल्या गुलाबाचा पाला घातला आणि लांबाक्का सकाळी खोक्याच्या तळाशी उताणी. शिवू दोन दिवस धड जेवली नाही. तेव्हापासून मी ठरवलं, सांगलीतलं पान घरात येणार नाही. आमच्या शेजारी नानासोंच्या अंगणात पेरू आहे, पण ते त्यावर पांढऱ्या किडीसाठी सतत काही ना काही मारतात. "धुऊन घ्या की वैनी, काय होतंय," असं म्हणतात. त्यांचं बरोबर असेल. पण मी घेत नाही.

म्हणून आमचा पाला पाटणहून येतो. आबा कोवळ्या फांद्या तोडतात, ओल्या वर्तमानपत्रात गुंडाळतात, पिशवीत घालून एसटीच्या कंडक्टरच्या हातात देतात. आमच्या भागात असंच चालतं, चटणीचा डबा असो की औषधाच्या गोळ्या. मी इकडं स्टँडवर जाऊन घेते. घरी आल्यावर पानं धुवायची, पंख्याखाली कोरडी करायची. थोड्या फांद्या पाण्याच्या बाटलीत उभ्या करायच्या, बाटलीच्या तोंडाला कापसाचा बोळा, नाहीतर किडे आत पडून बुडतात. उरलेला पाला ओल्या फडक्यात गुंडाळून, पिशवीत सैल बांधून फ्रिजमध्ये भाजीच्या कप्प्यात. असा तो आठवडाभर कोथिंबिरीपेक्षा छान राहतो. प्रशांत, माझा नवरा, त्या कप्प्याला 'काडूबाईचं कोठार' म्हणतो.

तर त्या सकाळी मी कोठार उघडलं. सगळ्यात कोवळा, तांबूस शेंडा निवडला, बाटलीत खोचला, बाटली काचेच्या खोक्यात ठेवली आणि रंगाच्या मऊ ब्रशनं पिल्लाला उचलून पानावर सोडलं. नऊ वाजेस्तोवर आणखी तीन आली. दुपारपर्यंत मोजायचं सोडून दिलं. मी दर थोड्या वेळानं सासूबाईंना हाक मारत होते, त्या दर वेळी लाटणं हातात घेऊन येत होत्या.

"अजून एक?"

"अजून एक!"

"बाळंतीन कुठं हाय पर?"

दिवाळीआधीच अंडी घालून मोकळी झालेली बाळंतीण काडूबाई खोक्याच्या कोपऱ्यात उलटी लटकली होती. तिला कशाचं काहीच नव्हतं.

मी प्रशांतला कुपवाडला फोन केला. तो तिथं एका वर्कशॉपमध्ये सुपरवायझर आहे. मागं मशीनचा खडखडाट. "अहो, पिल्लं आली!"

"कुणाची?"

"आपली!"

मशीनच्या खडखडाटात स्टूल ओढल्याचा आवाज आला. मग तो म्हणाला, "अक्षता, मला आधी बसू दे, मग नीट सांग."

एवढ्या आनंदात मला एक गोष्ट मात्र टोचत होती. पिल्लं पानावर थांबत नव्हती. पानावर सोडलं की ती लगबगीनं उतरायची, काचेवरून वर चढायची आणि झाकणाच्या जाळीला जाऊन चिकटायची. मी परत पानावर, ती परत जाळीवर. काडूबाईसुद्धा बाटलीपासून लांब. पहिल्यांदा वाटलं, नवीन आहेत, शिकतील. मग वाटलं, रात्री खात असतील. पण दुपारी एक पिल्लू तळाशी पडलेलं दिसलं. ब्रशनं हलवलं. हललं नाही. पाय घडी करून, पानातल्या शिरेएवढं.

शपथ आठवली. पाला तर पाटणचा. धुतलेला. मग काय?

मी एक पान तोडून नाकाला लावलं. पेरूचा वास नव्हता. जिभेला लावलं.

कडू जहर!

पिशवी ओढून बाहेर काढली. पाला ज्या फडक्यात होता ते माझं पांढरं फडकं नव्हतंच. दुसरंच होतं, हिरवट डागांचं.

"आई, हे फडकं कुणी बदललं?"

सासूबाई पोळीला तेल लावत होत्या. "मीच की. काल तू शिवूला सोडाया गेलतीस, तवा फ्रिज पुसला. त्या पाल्यात एक आळी दिसली मला. हिरवीगार. म्हटलं, कीड लागली तर पोरीनं एवढा जपल्याला पाला वाया जाईल. म्हनून कडुलिंब उकळला, त्या पान्यात फडकं बुडवलं आन् पाला त्यात घट गुंडाळला. डाळीच्या डब्यात लिंबाचा पाला ठेवतोच की आपन. वरीसभर एक जाळं धरत न्हाई."

मी फडकं हातात धरून त्यांच्याकडं वळले.

"आई, किड्यांच्या जेवणाला कीड लागू नये म्हणून?"

त्यांनी तवा उतरवला. माझ्याकडं बघितलं, खोक्याकडं बघितलं, परत माझ्याकडं.

"...व्हय की गं," त्या हळूच म्हणाल्या. "ह्ये माझ्या डोसक्यातच आलं न्हाई."

मला चिडायचं होतं, पण त्यांचा चेहरा बघून चिडताच येईना. गंमत म्हणजे हसूही यायला लागलं होतं आणि घाबरायलाही होत होतं, दोन्ही एकदम. नानासोंचा पेरू समोरच हिरवागार उभा होता. मी गॅलरीतून विचारून घेतलं. "परवाच मारलंय वैनी," ते उत्साहानं म्हणाले, "एकदम कडक औषध!"

मग पाटणला फोन.

"आबा, कोवळा पाला पाहिजे. आत्ताच्या आत्ता."

"आगं, परवा तर धाडला. फस्त क्येला व्हय? हत्ती पाळल्यात का काय?"

"आबा, पिल्लं झालीत!"

"आँ? कुनाला?"

"काडूबाईला!"

"आरं तिच्या!" आबा फोन तसाच धरून घरात ओरडले, "राही! ए राही! आगं, काडी व्याली!"

माझ्या आईचं आतून काहीतरी ऐकू आलं. मी घाईघाईनं लिंबाची हकीकत सांगितली. आबा गंभीर झाले. शेंड्याची पानं, देठासकट, औषध न मारलेली, ओल्या कागदात, सगळं मी पुन्हा पुन्हा बजावलं. "आणि आबा, शेंडे वर आहेत म्हणून झाडावर चढू नका. खालून आकडीनं काढा. ऐकताय ना? आबा?"

 मग आईचा आवाज आला. "चढल्यात."

"आई, उतरव त्यांना!"

"मी सांगून कवा ऐकल्यात? थांब, पिशवी धरती खाली."

मी फोन कानाला लावून उभीच. फांद्यांचा आवाज, आईचं "आवं हळू, त्या वाळक्या फांदीवर पाय नगा देऊ," मग आबांचं धापा टाकत, "झालं. कराडच्या गाडीला देतो. कराडात सांगलीच्या गाडीत टाकत्याल. तू स्टँडावर थांब." आणि खट. फोन बंद. पंधरा वर्षं आबांनी सैन्यात काढली आहेत. हुकूम मिळाला की ते बोलत बसत नाहीत.

प्रशांत लवकर सुटून आला. हात ऑइलचे, तसाच खोक्याकडं वाकला.

"हात लावू नका!"

"नुसतं बघतोय गं." त्यानं हात पाठीमागं धरले आणि नाक काचेला टेकवलं. जाळीला चिकटलेली ते हिरवे दोरे त्याला एक एक करून दिसायला लागले तसा त्याचा चेहरा बदलत गेला. "आयला," तो म्हणाला. "ही सगळी उपाशी आहेत?"

"सकाळपासून."

"मग बस गाडीवर. चल."

वाटेत तो म्हणाला, "आपल्या लग्नात मुहूर्त टळायला आला तरी तू एवढी घाई केली नव्हतीस."

"तेव्हा कुणी उपाशी नव्हतं."

"मी होतो की."

स्टँडवर कराडहून आलेली एक गाडी उभीच होती. मी धावत कंडक्टरकडं गेले. "पाटणची पिशवी आहे का? पाल्याची?" त्यानं मान हलवली. "चटनीचा डबा हाय मिरजंचा. न्हेता?" नको होता. गाड्या येत होत्या, माणसं उतरत होती, उसाच्या रसाच्या गाड्यावरची घुंगरं वाजत होती. मी प्रत्येक गाडीची पाटी वाचत होते. मनात नाही नाही ते. कराडला दिलीच नसेल तर? पिशवी कुणी भाजी समजून नेली तर? तेवढ्यात मोबाईल वाजला. पालकांच्या ग्रुपवर पाचगणीचे फोटो. शिवू स्ट्रॉबेरीच्या वाफ्यात उकिडवी बसलेली, तोंड लाल, स्वेटर कमरेला बांधलेला. तिकडं एवढी थंडी आणि स्वेटर कमरेला! पण मला तेव्हा स्वेटरपेक्षा तिचा चेहराच दिसत राहिला. किती निर्धास्त हसत होती. माझ्यावर सोपवून गेली होती ना.

पुढची कराड गाडी फलाटाला लागली. दारात कंडक्टर एक तरुण मुलगी, खाकी ड्रेस, वेणीला अबोलीचा गजरा. मी तोंड उघडायच्या आधीच ती म्हणाली, "पाल्याच्या ताई तुमीच का?"

"हो! हो!"

"धरा. डायवरसायबांनी विंजनच्या झाकनावर ठेवलेली, मी वरडले त्यांना. भाजून निघाला असता सगळा. मग खिडकीशी धरून आनला." तिनं पिशवी दिली, पण सोडेना. "पर ताई, एक इचारू? फ्लॅटात शेळी पाळलीया काय?"

"काडीकिडे आहेत. काडीसारखे दिसतात. आज सकाळी पिल्लं झाली."

"किडं?" तिनं भुवया उंचावल्या. मागं चार-पाच प्रवासी थांबून ऐकायला लागले होते. एक म्हातारा म्हणाला, "आमी जल्मभर किडं मारन्यात घालवला आन् ही बाई त्यास्नी एसटीनं जेवान मागवतीया." सगळे हसले. प्रशांत तर सगळ्यात मोठ्यानं. कंडक्टर मुलगी मात्र हसली नाही. तिनं मोबाईल काढून पुढं केला. "फोटो हाय का? दावा की. माझ्या पोरीला धाडते."

घरी आलो तर सासूबाईंनी काचेचं खोकं रिकामं करून तीनदा धुऊन, पुसून, उन्हाच्या शेवटच्या तुकड्यात ठेवलं होतं. किडे तात्पुरते पुरणाच्या मोठ्या चाळणीखाली, वर ओढणी. कडू पाला कचऱ्यात. फडकं पण कचऱ्यात. त्यांनी दोन्ही हात माझ्या नाकापुढं धरले.

"साबनानं धुतल्यात. वास घे. लिंब येतोय का?"

"नाही आई."

"नीट घे."

मी नीट घेतला. नाही येत म्हटल्यावरच त्या खाली बसल्या.

आबांनी पिशवी अशी बांधली होती की जणू त्यात काचेचं सामान होतं. आधी ओला कागद, मग केळीचं पान, मग पुन्हा कागद. आत शेंडे, तांबूस, मऊ, वर लव असलेले. पेरूचा वास घरभर झाला. मी जिभेला लावून बघितलं. प्रशांतनं बघितलं. सासूबाईंनी पण एक पान चावून बघितलं. तिघं एकमेकांकडं बघत पेरूची पानं चावतोय. तुरट होतं. कडू नव्हतं.

कुठंतरी वाचलेलं आठवलं, की नव्या पिल्लांना पानाची अखंड कड कुरतडायला जड जाते, कड कापून दिली तर सुरुवात करता येते. शिवूची शाळेची कात्री आणली. सासूबाई एकेका पानाची कड, शंकरपाळ्या कातताना काततात तशी, नागमोडी कापत बसल्या. मी फांद्या पाण्यात धरूनच देठ तिरके छाटले, बाटलीत खोचले, बोळा घट्ट बसवला. उरलेला पाला स्वच्छ पांढऱ्या फडक्यात. ब्रशनं एकेक पिल्लू पानावर. मधल्या वेळात आणखी एक गेलं होतं, ते मी पहिल्याशेजारी कागदावर ठेवलं. बाकीची पानावर बसली. या वेळी लगेच उतरली नाहीत. मी ओढणी टाकली आणि प्रशांतनं मला हाताला धरून खोलीबाहेर काढलं. "तू बघत राहिलीस तर कोण जेवणार आहे?"

रविवारी उजाडलं तशी मी ओढणी उचलली. आधी काहीच दिसलं नाही. मग खोकं उजेडात धरलं. एका पानाच्या कापलेल्या कडेला चंद्रकोरीएवढा, नाही, नखाच्या कोपऱ्याएवढा घास गेला होता. शेजारी दुसरा. पुढच्या पानाला तिसरा. तळाशी खसखशीसारखी बारीक काळी शी!

"आई! अहो! शी केली!"

आयुष्यात दुसऱ्यांदा मी हे वाक्य एवढ्या आनंदानं ओरडले. पहिल्यांदा शिवू चार दिवसांची होती तेव्हा.

संध्याकाळी शाळेच्या गेटपाशी बस आली. मी ठरवलं होतं, सरप्राईज द्यायचं, घरी नेऊन दाखवायचं. शिवू उतरली, गालावर उन्हाचे डाग, हातात स्ट्रॉबेरीचा चेपलेला खोका, बोलायला तोंड उघडलं, आणि माझा चेहरा बघून तसंच ठेवलं.

"मम्मी. आली?"

"आली."

खोका माझ्या हातात कोंबून ती गाडीकडं पळाली. वाटेत तिचे प्रश्न सुरूच, किती, कुठल्या रंगाची, पाला दिला का, पाणी मारलं का. घरात शिरली तर सासूबाई दारातच उभ्या. मी काही बोलायच्या आत त्यांनी स्वतःच सांगून टाकलं. अळी, लिंब, फडकं, सगळं. "माझ्या हातनं दोन गेली बाळा. पर बाकीची तुझ्या आयनं राखली."

 कागदावरची ती दोन तिनं बघितली, हलकेच बोट लावलं. मी तिच्या पाठीशी गुडघ्यावर बसले. मला वाटलं, आता रडणार, आता म्हणणार, तू शपथ घेतली होतीस. तिनं मान वर केली. काचेला नाक लावलं.

उजेड कमी झाला होता, त्यामुळं पिल्लं जागी होती. पाटणच्या पानाच्या कडेला एक पिल्लू पुढच्या पायांनी पान धरून बसलं होतं आणि त्याचं डोकं वर-खाली, वर-खाली होत होतं. प्रत्येक वेळी हिरवी कड केसभर मागं सरकत होती. शेजारी दुसरं. त्याच्या खाली तिसरं.

"आज्जी, बघ ना," शिवू श्वास रोखून म्हणाली. सासूबाई वाकल्या. मी वाकले. प्रशांत शिवूची सहलीची बॅग खांद्यावर ठेवूनच मागून डोकावला आणि म्हणाला, "आज रविवार, मला वाटलं यांना पण बिर्याणी—"

"पप्पा!" शिवूनं मागं न बघता हात वर केला. "हळू बोला ना. ती जेवतायत."